‘एपीटीटी नॉर्मल आहे’, मग पुढे काय? रक्त गोठण्याच्या तपासण्या पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

माझ्या लेकीला तेराव्या वर्षी पाळी आली आणि ती अकरा दिवस थांबली नाही. सासूबाई म्हणाल्या, पहिली आहे, लांबते थोडी. शेजारच्या काकूंनी गुलकंद दिला. तिसऱ्या पाळीत पोर बाथरूममध्ये चक्कर येऊन पडली तेव्हा हिमोग्लोबिन ६.८ होतं. दोन पिशव्या रक्त चढवलं, सोनोग्राफी झाली. डिस्चार्ज कार्डावर पीटी नॉर्मल, एपीटीटी नॉर्मल (रक्त किती सेकंदांत गोठतं ते मोजणाऱ्या या दोन तपासण्या) असं लिहून आलं आणि आम्हाला सांगण्यात आलं की रक्त गोठण्याचा काही प्रॉब्लेम नाही.

प्रॉब्लेम होता. त्याला ‘व्हॉन विलेब्रँड आजार’ हे नाव मिळायला पुढे चौदा महिने गेले. एवढ्या काळात आम्हाला दोन रिपोर्टांनी फिरवलं. एकाने नॉर्मल आल्यामुळे, दुसऱ्याने नको तेवढा बिघडलेला आल्यामुळे. गंमत म्हणजे दोन्ही वेळा मशीन खरंच बोलत होतं. पहिल्या वेळी त्याला प्रश्नच चुकीचा विचारला होता, दुसऱ्या वेळी त्याच्यापुढे ठेवलेलं रक्त वाटेत बिघडलेलं होतं.

मी डॉक्टर नाही, कराडची एक आई आहे. औषध कोणतं घ्यावं हे इथे सांगणार नाही. पण तपासणीला जाण्याआधी काय माहीत असायला हवं होतं, ते सगळं क्रमाने लिहिते.

१. आधी फुटलेला बांध समजून घ्या

हा भाग गाळून पुढे जाऊ नका. तो कळला की रिपोर्टवरची निम्मी नावं आपोआप कळतात.

शेताचा बांध फुटलाय आणि पाणी जोरात चाललंय असं समजा. नुसती वाळूची पोती टाकली तर ती वाहून जातात. म्हणून आधी मेखा ठोकायच्या, पोती त्यांना अडकवायची, वरून जाळी ताणून घट्ट बांधायची. शरीरात पोत्यांचं काम प्लेटलेट करतात. मेखांचं काम एक लांबलचक प्रथिन करतं, त्याचं नाव व्हॉन विलेब्रँड फॅक्टर. आणि जाळी विणली जाते ती फायब्रिनची.

ही जाळी रक्तात तयार नसते, नाहीतर आपण जागच्या जागी थिजलो असतो. रक्तात असतं ते फायब्रिनोजेन, म्हणजे जाळीचं सुटं सूत. जखम झाली की प्रथिनं एकामागून एक जागी होतात, आधीचं पुढच्याला उठवतं. शेवटी प्रोथ्रोम्बिनचं थ्रोम्बिन होतं आणि ते सुताची जाळी विणतं. मग फॅक्टर १३ येऊन त्या जाळीला टाके घालतो. या प्रथिनांनाच फॅक्टर म्हणतात आणि रिपोर्टवर ते रोमन आकड्यांत छापलेले असतात. (फॅक्टर ६ शोधत बसू नका, तो नाहीच. नंबर दिल्यावर लक्षात आलं की तो म्हणजे जागा झालेला फॅक्टर ५. तेव्हापासून ती खुर्ची रिकामी आहे.)

यांपैकी बरेच फॅक्टर यकृतात तयार होतात. २, ७, ९ आणि १० यांना व्हिटॅमिन के लागतं, म्हणून यकृताचा आजार, कावीळ किंवा हृदयाच्या झडपेच्या ऑपरेशननंतरची अ‍ॅसिट्रॉमसारखी गोळी यांनी रक्त पातळ होतं. व्हॉन विलेब्रँड फॅक्टर मात्र यकृतातून येत नाही. तो रक्तवाहिन्यांच्या आतल्या अस्तरात आणि प्लेटलेटच्या पूर्वज पेशींत बनतो. त्याचं दुसरंही एक काम आहे. तो फॅक्टर ८ ला पाठुंगळी घेऊन फिरतो. एरवी बारा तासांच्या आसपास अर्धा उरणारा फॅक्टर ८ ही पाठ मिळाली नाही तर दोन-एक तासांतच निम्म्यावर येतो.

रक्त गोठतंय का हे बघायची सगळ्यात साधी तपासणी आपल्याकडच्या सरकारी दवाखान्यांत साप चावल्यावर करतात. दोन मिली ताजं रक्त कोरड्या, स्वच्छ काचेच्या नळीत घ्यायचं, वीस मिनिटं हलवायचं नाही, मग नळी तिरकी करून बघायची. घोणस किंवा फुरशाचं विष अंगात भिनलं असेल तर रक्त पातळच राहतं, कारण ते विष या साखळीला उगाचच पेटवून सगळं सूत संपवून टाकतं. नळी काचेचीच लागते आणि साबणाने धुतलेली चालत नाही, नाहीतर धडधाकट माणसाचं रक्तही गोठणार नाही. नळी बदलली तर उत्तर बदलतं, हे एवढ्या साध्या तपासणीतही खरं आहे. पुढे लेकीच्या बाबतीत हेच आमच्या अंगाशी आलं.

२. कोणती तपासणी काय विचारते ते ओळखा

या तपासण्यांसाठी रक्त निळ्या झाकणाच्या बल्बमध्ये, म्हणजे छोट्या नळीत घेतात. त्यात सोडियम सायट्रेट असतं. ते रक्तातलं कॅल्शियम धरून ठेवतं, आणि कॅल्शियमशिवाय साखळी पुढे सरकत नाही. लॅबमध्ये बल्ब फिरवून वरचा पिवळसर प्लाझ्मा वेगळा करतात, त्यात कॅल्शियम आणि सुरुवात करून देणारं रसायन घालतात आणि किती सेकंदांत गोठतं ते मोजतात. बाकी सगळे बारकावे याच मुद्द्याभोवती फिरतात.

पीटीमध्ये साखळीची एक वाट तपासली जाते, मुख्यतः फॅक्टर ७ आणि पुढचे १०, ५, २ आणि फायब्रिनोजेन. आयएनआर हा त्याचाच हिशेब. वेगवेगळ्या लॅबची रसायनं वेगळी असली तरी आकडे एकमेकांशी ताडता यावेत म्हणून जागतिक आरोग्य संघटनेने तो १९८० च्या दशकात रूढ केला. एपीटीटी दुसरी वाट बघते. त्यात १२, ११, ९ आणि ८ येतात आणि शेवटचा रस्ता तोच. हिमोफिलिया म्हणजे ८ किंवा ९ ची कमतरता. म्हणून हिमोफिलियात साधारणपणे पीटी नॉर्मल येते आणि एपीटीटी लांबते.

आता आमची पहिली चूक कुठे झाली ते बघा. एपीटीटीच्या नळीत वाहतं रक्त नसतं, रक्तवाहिनीची भिंत नसते, प्लेटलेटही काढून टाकलेल्या असतात. म्हणजे पाणीही नाही, बांधही नाही, पोतीही नाहीत. तिथे मेखा आहेत की नाहीत हे कळणार कसं? व्हॉन विलेब्रँड फॅक्टर कमी असूनही फॅक्टर ८ बऱ्यापैकी असला तर एपीटीटी अगदी नॉर्मल येते. ती लांबायला फॅक्टर ८ साधारण तीस-चाळीस टक्क्यांच्या खाली जावा लागतो. माझ्या लेकीचा तो ५२ होता.

फॅक्टर १३ चंही असंच आहे. तो कमी असला तरी पीटी आणि एपीटीटी दोन्ही नॉर्मल येतात, कारण घड्याळ जाळी विणल्याबरोबर थांबतं, टाके घालायचं काम त्यानंतरचं. बाळाची नाळ पडताना रक्त थांबत नव्हतं अशी घरात आठवण असेल तर डॉक्टरांना ती जरूर सांगा. फॅक्टर १३ ची तपासणी वेगळी सांगावी लागते.

याच्या उलटही घडतं. १९५५ मध्ये अमेरिकेत जॉन हेगमन नावाच्या रेल्वे कामगारात फॅक्टर १२ ची कमतरता पहिल्यांदा नोंदवली गेली. नळीत त्याचं रक्त काही केल्या गोठायचं नाही, पण त्याला कधी जास्त रक्तस्राव झालाच नाही. १९६८ मध्ये तो गेला तो फुप्फुसात रक्ताची गुठळी अडकून. म्हणून एपीटीटी लांबली की घाबरायचं नाही, आणि नॉर्मल आली की निर्धास्तही व्हायचं नाही.

३. सुईच्या आधी वही

रक्तस्रावाचा इतिहास ही सगळ्यात स्वस्त तपासणी आहे आणि आम्ही ती सगळ्यात शेवटी केली. एक वही घ्या आणि शांतपणे हे लिहून काढा:

- घोळणा किती वेळा फुटतो, एका वेळी किती मिनिटं चालतो? दहा मिनिटांच्या पुढे जात असेल तर तसं लिहा. ‘उन्हाळ्यात उष्णतेने होतो’ हे डॉक्टरांना सांगू नका, मिनिटं सांगा.
- दात काढल्यावर, टाके घातल्यावर, कान टोचल्यावर काय झालं?
- कारण नसताना काळे-निळे डाग पडतात का, कुठे, केवढे?
- पाळी किती दिवस चालते, पॅड किती तासांनी बदलावं लागतं, रात्री उठावं लागतं का, गाठी पडतात का? सात दिवसांपेक्षा जास्त किंवा दर तास-दोन तासांनी पॅड हे ‘असतं एखादीचं’ या सदरात टाकू नका.
- गुडघा किंवा कोपर अचानक सुजून गरम झालं होतं का? मुलगा असेल तर हे विशेष महत्त्वाचं, सांध्यात रक्त साचणं ही हिमोफिलियाची खूण आहे.
- आईच्या आणि वडिलांच्या, दोन्ही घरांत बाळंतपणात, ऑपरेशनमध्ये किंवा दात काढताना कुणाचा जीव धोक्यात आला होता का?

शेवटच्या प्रश्नाने आमच्या घरात बरंच काही वर आलं. लेकीच्या जन्मानंतर दहाव्या-बाराव्या दिवशी मला पुन्हा जोराचा रक्तस्राव झाला होता, ‘वार राहिली असेल’ म्हणून क्युरेटिंग केलं होतं. माझ्या आईची पिशवी चाळिशीच्या आत काढली होती. तिन्ही पिढ्यांत कुणीही या गोष्टी एका कागदावर लिहिल्या नव्हत्या.

लेकीचा हा आजार ज्यांच्या नावाने ओळखला जातो, त्या फिनलंडच्या एरिक व्हॉन विलेब्रँड यांनी १९२६ मध्ये आलँड बेटांवरच्या एका कुटुंबाविषयी लिहिलं. त्यांनीही आधी घराण्याची वंशावळच मांडली होती. ज्या मुलीपासून शोध सुरू झाला, ती पुढे चौथ्या पाळीत रक्तस्रावाने गेली. हे वाचलं त्या रात्री मला झोप लागली नाही.

४. कागदांची पिशवी

जुने सगळे रिपोर्ट मूळ प्रतींसह, डिस्चार्ज कार्डं, रक्त किंवा प्लाझ्मा चढवला असेल तर त्याच्या तारखा (त्यात दुसऱ्याचे फॅक्टर असतात, लगेच तपासलं तर आकडे फसवे येतात), चालू औषधांची यादी, वर सांगितलेली वही, आधार कार्ड, सरकारी योजनेसाठी रेशनकार्ड, आणि तुमच्या डॉक्टरांची चिठ्ठी. चिठ्ठीवर तपासणीची नावं स्पष्ट लिहून घ्या. ‘ब्लीडिंग प्रोफाइल’ असं मोघम लिहिलं तर प्रत्येक लॅब त्यात वेगवेगळ्या तपासण्या बसवते आणि पुष्कळदा व्हॉन विलेब्रँड त्यात नसतोच.

औषधांबद्दल एवढंच: अ‍ॅस्पिरिन, आयब्युप्रोफेन यांनी प्लेटलेटचं काम मंदावतं, हार्मोनच्या गोळ्यांनी व्हॉन विलेब्रँड वाढू शकतो. आपल्या मनाने काहीही बंद करू नका, पण घेत असाल तर लपवूही नका.

५. कुठे आणि कधी

पीटी-एपीटीटी गावातही होते. फॅक्टरची पातळी आणि व्हॉन विलेब्रँडच्या तपासण्या मात्र शक्यतो जिथे प्रत्यक्ष केल्या जातात तिथेच जाऊन रक्त द्या. मुंबईत परळला केईएम रुग्णालयाच्या आवारातल्या नव्या बहुमजली इमारतीत तेराव्या मजल्यावर राष्ट्रीय इम्युनोहिमॅटॉलॉजी संस्था आहे, आयसीएमआरची, म्हणजे भारतीय वैद्यकीय संशोधन परिषदेची. १९५७ मध्ये ती रक्तगटांचं संदर्भ केंद्र म्हणून सुरू झाली. ‘बॉम्बे ब्लड ग्रुप’ हा दुर्मिळ रक्तगट १९५२ मध्ये याच आवारात डॉ. भेंडे आणि सहकाऱ्यांनी जगापुढे आणला होता. वैद्यकीय महाविद्यालयांच्या रुग्णालयांतही चौकशी करा. कुठेही जायचं असलं तरी आधी फोन करा, वार आणि वेळ विचारा, उपाशी यायचं का विचारा. गोठण्याच्या तपासणीला सहसा उपाशी लागत नाही, पण फार तेलकट खाऊन गेलात तर प्लाझ्मा दुधाळ होतो आणि मशीनला दिसत नाही.

कधी जायचं हेही महत्त्वाचं आहे. व्हॉन विलेब्रँड फॅक्टर ताप, जंतुसंसर्ग, धावपळ, भीती, गरोदरपण, नुकतंच झालेलं ऑपरेशन यांत वाढतो. गरोदरपणात माझी तपासणी झाली असती तरी आकडा चांगलाच आला असता. बाळंतपणानंतर तो उतरतो, माझा रक्तस्राव त्याच दिवसांतला होता. म्हणून प्रकृती स्थिर असताना जा आणि मूल रडून लाल झालेलं असेल तर अर्धा तास थांबा. आम्ही महालक्ष्मी एक्स्प्रेसने सकाळी दादरला उतरलो, इडली खाल्ली, रांगेतच तासभर बसलो. त्यामुळे लेक आपोआप शांत झाली.

६. सुई टोचताना डोळे उघडे ठेवा

या लेखातलं दुसरं काही वाचलं नाहीत तरी हे वाचा. आमचे सहा महिने इथेच गेले.

बल्ब खुणेपर्यंत भरला पाहिजे. नऊ भाग रक्त, एक भाग सायट्रेट असं प्रमाण असतं. तीन मिलीच्या नेहमीच्या बल्बमध्ये २.७ मिली रक्त. लहान मुलाचं रक्त कमी निघालं म्हणून अर्धाच भरला तर सायट्रेट जास्त होतं, लॅबने घातलेलं कॅल्शियमही ते गिळतं आणि एपीटीटी खोटीच लांबते. ‘चालतंय हो’ म्हणाले तर नम्रपणे पण ठामपणे दुसरा बल्ब मागा. मुलासाठी कमी मापाचे बल्ब मिळतात.

एका बल्बमधलं रक्त दुसऱ्यात ओतू देऊ नका. जांभळ्या झाकणाच्या बल्बमधलं ईडीटीए कॅल्शियम आणखी घट्ट धरतं, त्याचे चार थेंब निळ्यात गेले तरी घोळ होतो. त्यासाठीच निळा बल्ब जांभळ्याच्या आधी भरतात. फुलपाखरासारखी पंख असलेली सुई असेल तर तिच्या नळीतली हवा पहिल्या बल्बमध्ये जाऊन तो कमी भरतो, म्हणून आधी एक टाकाऊ बल्ब लावायला सांगा.

दंडाला बांधलेला पट्टा एक मिनिटाच्या आत सुटला पाहिजे. शीर सापडेना म्हणून चार वेळा सुई फिरवली तर रक्त तिथेच गोठायला लागतं, तो नमुना सोडून दुसऱ्या हातातून घ्यायला सांगा. भरल्यावर बल्ब हलक्या हाताने तीन-चार वेळा उलटासुलटा करायचा. ताक घुसळल्यासारखा हलवायचा नाही.

आता थंडीची गोष्ट. आमची दुसरी तपासणी गावातल्या एका कलेक्शन सेंटरमधून मुंबईला गेली. तिथल्या रक्त घेणाऱ्या मुलाने बल्ब आमच्यादेखत बर्फाच्या डब्यात ठेवला. मला वाटलं, किती काळजी घेतोय! रिपोर्ट आला: व्हॉन विलेब्रँड अँटिजेन (म्हणजे प्रमाण) १९, अ‍ॅक्टिव्हिटी (म्हणजे काम) ६. ‘टाइप २ दिसतोय, गंभीर आहे’ असं सांगितलं गेलं.

पूर्ण रक्त थंड केलं की व्हॉन विलेब्रँड फॅक्टर आणि फॅक्टर ८ कमी होतात, विशेषतः त्या प्रथिनाच्या सगळ्यात लांब, सगळ्यात कामाच्या साखळ्या जातात. म्हणून प्रमाण कमी दिसतंच, काम त्याहूनही कमी दिसतं, आणि साधा टाइप १ (प्रथिन नुसतं कमी) किंवा अगदी निरोगी माणूसही टाइप २ (प्रथिनच बिघडलेलं) वाटतो. पूर्ण रक्त खोलीच्या तापमानालाच ठेवायचं आणि चार तासांत तपासायचं. उशीर होणार असेल तर सेंटरनेच बल्ब फिरवून प्लाझ्मा वेगळा करायचा, बहुतेक ठिकाणी दोनदा फिरवतात, आणि तो प्लाझ्मा कडक गोठवून ड्राय आइसमध्ये पाठवायचा. गोठवलेला प्लाझ्मा चालतो, गार केलेलं रक्त चालत नाही. सेंटरवर एवढंच विचारा: ‘तुम्ही प्लाझ्मा वेगळा करून गोठवून पाठवता का?’ समोरचा गोंधळला तर रक्त देऊ नका. तिकिटाचे पैसे परवडतात.

७. रिपोर्ट कसा वाचायचा

शेजारी छापलेली मर्यादा त्याच लॅबची असते. दोन लॅबच्या एपीटीटीचे सेकंद शेजारी ठेवून ‘वाढली, कमी झाली’ म्हणू नका.

एपीटीटी लांबलेली असेल तर पुढची पायरी मिक्सिंग. तुमचा प्लाझ्मा आणि निरोगी लोकांचा एकत्र केलेला प्लाझ्मा निम्मे-निम्मे मिसळून पुन्हा वेळ मोजतात. याचं उत्तर स्वयंपाकघरात आहे. दूध नुसतं पातळ असेल तर त्यात तेवढंच घट्ट दूध ओतल्यावर काम भागतं. पण त्यात लिंबू पिळलेलं असेल तर ओतलेलं चांगलं दूधही नासतं. मिसळल्यावर वेळ सुधारली म्हणजे एखादा फॅक्टर कमी आहे. सुधारली नाही म्हणजे प्लाझ्मात गोठण्याला अडवणारं काहीतरी आहे. फॅक्टर ८ विरुद्धचं प्रतिद्रव्य हळूहळू काम करतं, म्हणून मिश्रण ३७ अंशांवर एक-दोन तास ठेवून पुन्हा बघतात. लगेचचा आकडा चांगला आला म्हणून तिथेच थांबलेला रिपोर्ट अपुरा समजा. अडवणाऱ्यांतला आणखी एक म्हणजे ल्युपस अँटिकोअ‍ॅग्युलंट. नळीत तो गोठणं लांबवतो आणि शरीरात मात्र गुठळ्या करतो. त्याच्या तपासणीत पातळ केलेलं घोणसीचं विष वापरतात. परळलाच हाफकिन संस्थेत त्या विषावरचा उतारा तयार होत आलाय, हे तिथल्या रांगेत उभं असताना मला आठवलं.

फॅक्टरची पातळी टक्क्यांत असते आणि १०० म्हणजे अनेक निरोगी लोकांच्या मिश्रणातली पातळी. हिमोफिलियात १ टक्क्याच्या खाली तीव्र, १ ते ५ मध्यम, ५ ते ४० सौम्य. ‘आमच्याकडे कुणालाच नाही’ म्हणून हिमोफिलिया नाकारू नका, सुमारे एक तृतीयांश रुग्णांच्या घरात आधी कुणालाच तो नसतो. आणि फॅक्टर ८ कमी आला म्हणून लगेच हिमोफिलियाचा शिक्काही मारून घेऊ नका. आधी व्हॉन विलेब्रँड तपासा, पाठच नसेल तर पाठुंगळी बसणारा कमी होणारच.

व्हॉन विलेब्रँडसाठी तीन आकडे एकत्र लागतात: अँटिजेन म्हणजे माल किती आहे, अ‍ॅक्टिव्हिटी म्हणजे तो काम किती करतो, आणि फॅक्टर ८. अ‍ॅक्टिव्हिटीसाठी रिस्टोसेटिन नावाचं रसायन वापरतात. हे एके काळचं अँटिबायोटिक. प्लेटलेट कमी करतं म्हणून औषधाच्या कपाटातून हाकललं गेलं आणि त्याच खोडीमुळे १९७१ पासून लॅबमध्ये कामाला लागलं. अ‍ॅक्टिव्हिटीला अँटिजेनने भागा. उत्तर ०.७ च्या खाली असेल तर माल आहे पण बिघडलेला, म्हणजे टाइप २ चा संशय. दोन्ही सारखेच कमी असतील तर टाइप १. जवळजवळ काहीच नसेल तर टाइप ३. २०२१ च्या आंतरराष्ट्रीय मार्गदर्शक सूचनांप्रमाणे पातळी ३० च्या खाली असेल तर निदान पक्कं, आणि ३० ते ५० असून रक्तस्रावाचा इतिहास असेल तरीही टाइप १ धरतात. तुमची वही इथे निकाल देते.

परळचा आमचा रिपोर्ट: अँटिजेन २७, अ‍ॅक्टिव्हिटी २५. भागाकार ०.९३. टाइप २ चं भूत तिथेच उतरलं. दोन महिन्यांनी पुन्हा तपासलं, २९ आणि २६. एका रिपोर्टवर आयुष्यभराचं लेबल घेऊ नका, नॉर्मलचंही नाही आणि आजाराचंही नाही. लेकीचा रक्तगट ओ आहे. ओ गटाच्या लोकांत हा फॅक्टर मुळातच सुमारे पाव हिश्श्याने कमी असतो. तो लक्षात ठेवायचा, पण ‘ओ आहे म्हणून कमी, सोडून द्या’ असं म्हणू द्यायचं नाही. बाथरूममध्ये पडलेल्या मुलीचं रक्त रक्तगट विचारून वाहत नाही.

८. घरातल्यांना रांगेत उभं करा

व्हॉन विलेब्रँडचा टाइप १ आई किंवा बाबा कुणाकडूनही येतो, मुलगा-मुलगी दोघांनाही होतो. माझे आकडे ४१ आणि ३९ आले. सत्तरीतल्या आईला हे सांगितलं तेव्हा ती इतकंच म्हणाली, ‘म्हणजे माझी पिशवी उगाच गेली म्हण की.’

हिमोफिलियाचं गणित वेगळं. तो एक्स गुणसूत्रातून येतो, म्हणून मुलाला असेल तर आई, बहीण, मावशी, मावशीच्या मुली यांची वाहक तपासणी लागते. नुसती फॅक्टरची पातळी यात दगा देते, वाहक बाईचा फॅक्टर ८ नॉर्मलही असू शकतो. जनुकीय तपासणीच खरी, आणि ती आधी आजारी मुलाची होते, मग घरच्यांची. घरात लग्न किंवा बाळाचा विचार चालू असेल तर ही तपासणी आधी उरका. पोटात बाळ असताना धावाधाव करून दिवस हातात राहत नाहीत.

दिव्यांग प्रमाणपत्राबद्दल बरेच जण विचारतात. २०१६ च्या कायद्यात हिमोफिलिया, थॅलेसेमिया आणि सिकलसेलची नावं आहेत, व्हॉन विलेब्रँडचं नाही. हिमोफिलिया असेल तर युडीआयडी कार्डासाठी, म्हणजे दिव्यांगांच्या ओळखपत्रासाठी अर्ज करा.

९. निदानानंतरच्या दोन तपासण्या

एक फेरिटिन. हिमोग्लोबिन भरून आलं तरी लोहाचा साठा रिकामा असू शकतो, आमच्या लेकीचा होता, आणि अभ्यासात लक्ष लागत नाही याचा दोष मोबाइलला मिळत होता.

दुसरी डेस्मोप्रेसिनची चाचणी. हे औषध शरीराने साठवलेला व्हॉन विलेब्रँड बाहेर काढतं. टाइप १ मध्ये बहुतेकांना उपयोग होतो, पण किती होतो हे प्रत्येकाचं वेगळं. म्हणून ऑपरेशनची वेळ येण्याआधीच एकदा देऊन बघतात: आधी रक्त, तासाभराने रक्त, चार तासांनी रक्त. त्या दिवशी पाणी किती प्यायचं याची मर्यादा सांगतात, ती काटेकोर पाळा. या औषधाने लघवी कमी होते आणि जास्त प्यायलेलं पाणी रक्तातलं सोडियम उतरवतं.

आणि एक कार्ड बनवा. आम्ही लॅमिनेट करून एक लेकीच्या कंपासपेटीत आणि एक माझ्या पर्समध्ये ठेवलंय. त्यावर एवढंच आहे: नाव, रक्तगट, व्हॉन विलेब्रँड आजार टाइप १, पातळी आणि तारीख, डेस्मोप्रेसिनला प्रतिसाद चांगला, अ‍ॅस्पिरिन आणि आयब्युप्रोफेन देऊ नये, स्नायूत इंजेक्शन देण्याआधी विचारावं, हिमॅटॉलॉजिस्टचा फोन. सगळ्यात खाली लेकीने स्वतःच्या अक्षरात लिहिलंय: ‘एपीटीटी नॉर्मल येईल. तरीही.’